स्थिर काळ आणि मराठी विज्ञानकथेची समीक्षा

मराठी विज्ञानकथेत काळाला आवर घालणारे एखादे यंत्र आले, आणि तेही प्रकाशावर चालणारे असले, की समीक्षाव्यवहार दोन ठरावीक प्रश्नांपाशी थांबतो. असे यंत्र संभवते काय? संभवत नसेल तर ही संहिता रंजनपर साहित्यात का ढकलू नये? पहिला प्रश्न भौतिकशास्त्राच्या परीक्षकाचा आहे, दुसरा ग्रंथालयाच्या सूचिकाराचा. त्या यंत्राने कोणाचा काळ स्थिर केला आणि तो तसा होण्यात कथेतील कोणाचे हित होते, हा वाङ्मयीन प्रश्न मात्र कोणी विचारत नाही.

संभाव्यतेचा मुद्दा तर केव्हाच निकालात निघाला आहे. १९६७ पासून सेकंदाची व्याख्या सीझियम अणूशी निगडित प्रारणाच्या ९,१९,२६,३१,७७० आवर्तनांवर आधारलेली आहे. त्यापुढची काही प्रकाशीय घड्याळे लेसरच्या किरणांनी अणू थंड करतात, प्रकाशाच्याच जाळीत अडकवतात आणि प्रकाशाच्याच कंपनांनी काळ मोजतात. अडकवणारा हा प्रकाश अणूच्या ऊर्जापातळ्या ढळवतो. त्यावर हिदेतोशी कातोरी यांनी २००१ च्या सुमारास उपाय सुचवला, तो अशा तरंगलांबीचा की जिच्यामुळे दोन्ही पातळ्या सारख्याच ढळतात आणि त्यांच्यातील अंतर अबाधित राहते. अशी उत्तम घड्याळे विश्वाच्या वयाएवढ्या काळात एका सेकंदानेही चुकणार नाहीत. पुण्याच्या 'आयुका'त यटर्बियम आयनाच्या प्रकाशीय घड्याळावर काम चालते. या संस्थेचे संस्थापक-संचालक जयंत नारळीकर हेच मराठी विज्ञानकथेचे सर्वांत प्रतिष्ठित नाव असावे, याची दखल मराठीच्या प्राध्यापकांनी घ्यायला हरकत नव्हती.

नारळीकरांनी विज्ञानकथेकडे विज्ञानप्रसाराचे साधन म्हणून पाहिले आणि ते कधी लपवले नाही. लेखकाने स्वतःपुरती घेतलेली ही भूमिका समीक्षेने मात्र निकष म्हणून उचलली, आणि अनर्थ तेथून सुरू झाला. 'गंगाधरपंतांचे पानिपत' ही कथा पाहावी. पानिपत मराठ्यांनी जिंकलेल्या निराळ्या इतिहासात इतिहासाचा एक प्राध्यापक जाऊन पडतो. कथेत यंत्र नाही. पण परतल्यावर एक वैज्ञानिक मित्र त्याला इलेक्ट्रॉनच्या अनिश्चिततेचे आणि ऊर्जापातळ्यांमधील संक्रमणाचे विवेचन ऐकवतो. डळमळलेला काळ पुन्हा जागेवर बसतो तो या व्याख्यानाने. कालस्थैर्याचे यंत्र तेच आहे, आणि योगायोग असा की प्रारणामुळे घडणारे जे संक्रमण कथेत इतिहासाला दोन वाटा फोडते, त्याच्याच आधारावर घड्याळ काळ स्थिर ठेवते. या विरोधाभासावर एक अख्खा निबंध उभा राहिला असता. उभी राहिली ती 'कथेतील विज्ञान अचूक आहे' ही प्रशस्तिपत्रे.

आता ही कथा गोंदिया जिल्ह्यातील देवरी येथे वाचली जाते अशी कल्पना करावी. (मराठी समीक्षा अशी कल्पना सहसा करीत नाही, तिचा गृहीत वाचक मुंबई–पुणे लोहमार्गाच्या आसपास राहतो.) छत्तीसगडच्या सीमेलगतच्या, मराठीबरोबर गोंडीही बोलल्या जाणाऱ्या या तालुक्यासाठी १७६१ हा इतिहासाचा दुभाजक कशावरून? या मुलुखावर प्रभाव असलेल्या नागपूरकर भोसल्यांपैकी जानोजी पानिपतावर लढलेच नाहीत. येथे वाट फुटायची तर ती १८५३ मध्ये, नागपूरचे राज्य खालसा झाले तेव्हा फुटेल. किंवा त्याही आधी, गोंड राजसत्ता भोसल्यांच्या हाती गेली तेव्हा. कथा आपला दुभाजक निवडते तेव्हा एका प्रदेशाची स्मृती सर्वांचा काळ म्हणून स्थिर करते. हा कथेचा दोष म्हणता येत नाही. समीक्षेला तो दिसू नये, हा समीक्षेचा दोष निश्चित आहे.

घड्याळाचे राजकारणही असेच आहे. १९०६ मध्ये ८२.५ अंश पूर्व रेखांशाची प्रमाणवेळ लागू झाली. मुंबईने तिला दीर्घकाळ विरोध करून आपली निराळी वेळ जपली, आणि शहराभिमान म्हणून त्याचे कौतुकही झाले. देवरीचा मध्यान्ह या प्रमाणवेळेच्या साधारण साडेआठ मिनिटे मागे आणि मुंबईच्या मध्यान्हापेक्षा जवळजवळ अर्धा तास आधी येतो. त्याबद्दल देवरीला कोणी विचारले नाही. गंमत अशी की अचूक प्रकाशीय घड्याळ ही एकसारखेपणाची समजूतच मोडून काढते. गुरुत्वाकर्षणामुळे उंचावरचा काळ किंचित जलद चालतो, आणि काही सेंटिमीटर उंचीचा फरकही ही घड्याळे टिपतात. देवरीतील घड्याळ समुद्रकाठच्या मुंबईतील घड्याळापेक्षा अत्यल्प का होईना पुढेच जात राहणार.

डार्को सुविन यांनी विज्ञानकथेतील नवकल्पनेला परिचित वास्तव अपरिचित करून दाखवणारे साधन मानले, त्यालाही आता चार दशके उलटली. त्यांचे नाव आपल्या प्रबंधांत पहिल्या प्रकरणात येते आणि दुसऱ्या प्रकरणापासून कथांची विज्ञानशाखांनुसार वर्गवारी सुरू होते: खगोल, जनुक, संगणक. विज्ञानकथा अभ्यासक्रमात जेथे नेमली जाईल, तेथे निदान 'कथेतील विज्ञान स्पष्ट करा' हा प्रश्न प्रश्नपत्रिकेतून काढावा. तो विचारायला भौतिकशास्त्राचा विभाग आहे.