पाय कोणी कोणाचे धुवायचे?

गेल्या गुरुपौर्णिमेला आमच्या गावातल्या एका शाळेने आम्हा निवृत्त शिक्षकांना बोलावलं होतं. पाच खुर्च्या, पाच ताम्हणं, पाच तांबे. सहावी-सातवीतल्या मुलांनी खाली बसून आमचे पाय धुतले, गंध लावलं, फुलं वाहिली. माझ्या वाट्याला आलेल्या मुलीने हळूच विचारलं, "सर, पाणी फार गार आहे का?" मला ओशाळल्यासारखं झालं, पण मी उठलो नाही. हे आधीच कबूल करून टाकतो, म्हणजे पुढचं लिहायला तोंड राहील.

मग प्रमुख पाहुणे बोलायला उभे राहिले. म्हणाले, चरणांचं माहात्म्य सगळ्या धर्मांत सारखंच आहे. बायबलातही पाय धुण्याचा प्रसंग आहे, येशूनेही हीच शिकवण दिली. टाळ्या पडल्या. सवयीने मीही दोन वाजवल्या. घरी आल्यावर मात्र राहवेना. जन्मभर मुलांच्या वह्यांतल्या चुका काढल्या, ती खोड आता काय जाणार? पाहुण्यांच्या वाक्यात चूक आहे, आणि ती ऱ्हस्व-दीर्घाची नाही. उत्तर चक्क उलटं लिहिलंय.

मी ख्रिस्ती नाही, यहुदी नाही, धर्मपंडित तर नाहीच नाही. पण बायबलची मराठी प्रत कॉलेजच्या दिवसांपासून माझ्या कपाटात आहे, आणि निवृत्तीनंतर ती सवडीने वाचली आहे. तेवढ्या भांडवलावर लिहितो.

यहुद्यांपासून सुरुवात करू. जळत्या झुडपापाशी मोशेला पहिली आज्ञा झाली ती पायातलं काढण्याची, कारण ती भूमी पवित्र होती. यरीहोजवळ यहोशवालाही तेच सांगितलं गेलं. निर्गमाच्या पुस्तकात याजकांसाठी पितळेचं गंगाळ आहे. त्यातल्या पाण्याने हातपाय धुतल्याशिवाय आत सेवेला गेलात तर मराल, इतकी कडक ताकीद आहे. मिश्नेत सांगितलंय की मंदिराच्या टेकडीवर काठी, वहाणा किंवा पायांवरची धूळ घेऊन जाऊ नये. रोमनांनी इ. स. ७० मध्ये ते मंदिर पाडलं, पण रीत उरली. सिनॅगॉगमध्ये आशीर्वाद देताना कोहेन, म्हणजे याजकांचे वंशज, आजही पायातलं काढून उभे राहतात. हा दंडक योहानान बेन झक्काय यांनी घालून दिला असं ताल्मुद सांगतं. योम किप्पुरच्या उपासाला चामड्याचं पादत्राण वर्ज्य असतं. इतकंच काय, वल्हांडण, सप्ताहांचा सण आणि मंडपांचा सण या तीन यात्रांच्या सणांना हिब्रूत जो शब्द आहे, 'रेगेल', त्याचा अर्थच पाय. यरुशलेमला पायी चढून जायचं. वारीच्या मुलखात हे निराळं समजावून सांगायला नको.

आता मुद्दा असा, की या सगळ्यात पाय कोणाचे आहेत? ज्याचे त्याचे. देवापुढे उभं राहणाऱ्या माणसाचे. इथे कोणी दुसऱ्याचे पाय पुजत नाही, आणि कोणी आपले पाय पुढेही करत नाही. दारी आलेल्या तीन पाहुण्यांसाठी अब्राहाम पाणी मागवतो, ते त्यांना स्वतःचे पाय धुता यावेत म्हणून. दुसऱ्याचे पाय धुणं हे घरातल्या सर्वांत खालच्या माणसाचं काम. दावीदाने लग्नाची मागणी घातली तेव्हा अबीगईल म्हणाली, की मी आपल्या सेवकांचे पाय धुणारी दासी आहे. स्वतःला याहून खाली नेणारं काही तिला सुचलं नसावं.

ही पायरी लक्षात घेतली की योहानाच्या तेराव्या अध्यायातला धक्का कळतो. जेवणाच्या वेळी येशू उठतो, अंगावरचं वस्त्र उतरवतो, कमरेला रुमाल बांधतो, गंगाळात पाणी ओततो आणि शिष्यांचे पाय धुऊ लागतो. शिष्यांनी गुरूचे नव्हे, गुरूने शिष्यांचे! त्यांत त्याला धरून देणारा यहूदाही होता. तो उठून गेला तो त्यानंतर. पेत्राला हे सहन होत नाही, तो पाय धुऊ द्यायलाच तयार नसतो. शेवटी येशू सांगतो, की मी तुमचा गुरू असून हे केलं, तर तुम्हीही एकमेकांचे पाय धुवा. मला धुऊ द्या किंवा माझे धुवा असं तो म्हणत नाही.

म्हणजे पाहुण्यांना येशूचा दाखला द्यायचाच होता, तर त्या दिवशी मुलं खुर्च्यांवर हवी होती आणि आम्ही पाच म्हातारे खाली.

"सर, शेवटी अर्थ एकच, नम्रता," असं एका जुन्या सहकाऱ्याने मला फोनवर ऐकवलं. हा शब्द फार सोयीचा आहे. त्याच्या आडोशाला राजेसुद्धा राहून गेले. व्हिएन्नात सम्राट फ्रान्झ योझेफ दर पवित्र गुरुवारी बारा वृद्धांचे पाय धूत असे, आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा सम्राटच असे. इंग्लंडचे राजेही गरिबांचे पाय धूत. अठराव्या शतकात ते पाणी आटलं. आता राजाच्या वयाइतक्या पुरुषांना आणि तितक्याच स्त्रियांना नाण्यांच्या पिशव्या मिळतात. वर्षातून एकदा वाकणं कोणालाही जमतं.

तरी त्या गंगाळात अजून धग आहे. पोप फ्रान्सिस यांनी २८ मार्च २०१३ रोजी रोममधल्या अल्पवयीनांच्या तुरुंगात जाऊन १२ जणांचे पाय धुतले. त्यांत दोन मुली होत्या, दोघे मुसलमान होते. केवढा गदारोळ झाला! कारण नियमात फक्त पुरुष होते. अखेर जानेवारी २०१६ मध्ये नियमच बदलला. त्या वर्षी त्यांनी आश्रयाला आलेल्यांचे पाय धुतले, त्यांत भारतातला एक हिंदूही होता. नुसती नम्रताच दाखवायची असती तर समोर कोण बसलंय यावरून भांडण कशाला झालं असतं?

कृष्णाने सुदाम्याचे पाय धुतलेच की, असं काही वाचक म्हणतील. खरं आहे, आणि ती गोष्ट मला प्रिय आहे. पण त्यावरून आपण गुरूंसाठी काही रीत पाडली का? वारकरी मात्र लहानमोठं न बघता एकमेकांच्या पाया पडतात. येशूच्या सांगण्याशी मेळ घालायचा तर तिथे घाला. खुर्चीतल्या पाद्यपूजेशी नको.

आता घरचं. दोन वर्षांपूर्वी हिच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं. वाकता येईना. तिसऱ्या दिवशी मी बादलीत कोमट पाणी घेऊन बसलो, तर हिने पाय ओढून घेतले. "अहो, काय करताय! पाप लागेल मला." पन्नास वर्षांच्या संसारात मी तिचे पाय कधी नीट पाहिलेही नव्हते. टाचांच्या भेगा इतक्या खोल होत्या, की माझं बोट थबकलं. पेत्र का कासावीस झाला ते मला त्या दिवशी कळलं. आणि तिला पाप वाटावं अशी व्यवस्था ज्यांनी इतकी वर्षं निमूट चालू दिली, त्यांत मीही आहे हेही कळलं. ते कळूनही मी गुरुपौर्णिमेला खुर्चीत बसलो, म्हणून हा सगळा खटाटोप.

यंदाही शाळेचं बोलावणं आलंय. मी कळवलंय, की येतो, पण खुर्चीत बसणार नाही. तांब्या माझ्या हातात द्या आणि मुलांना वर बसवा. मुख्याध्यापक म्हणाले, "सर, मुलांना अवघडल्यासारखं होईल हो." होऊ दे की. पेत्रालाही झालं होतं.

अजून होकार आलेला नाही. आला की इथे लिहीनच.