फुलं गळाली म्हणून ऑर्किड फेकू नका

उद्घाटन असो की वाढदिवस, आता निमाडातल्या आमच्या कुक्षी गावातही पुष्पगुच्छाऐवजी ऑर्किडची कुंडी दिली जाते. इंदूरहून येते, चकचकीत कागदात गुंडाळलेली. दीड-दोन महिने दिवाणखान्याची शोभा होते, मग फुलं गळतात आणि झाड ‘मेलं’ म्हणून कचऱ्याच्या गाडीत जातं. हे थांबायला हवं. ते झाड मेलेलं नसतं. नीट सांभाळलं तर ते वर्षानुवर्षं जगतं आणि पुन्हा फुलतं.

‘निमाडातल्या ४४-४५ अंशांत हे कसं जगायचं?’ असं लोक विचारतात. प्रश्न रास्त आहे. बाजारात येणारं हे फॅलेनॉप्सिस मूळचं फिलिपिन्स, इंडोनेशिया, तैवानकडच्या दमट जंगलांतलं. पण तिथेही ते बहुधा जमिनीत उगवत नाही, मोठ्या झाडाच्या फांदीला धरून राहतं. पावसात मुळं भिजतात आणि वाऱ्यानं लगेच सुकतात. आपण मात्र ते काळ्या मातीत लावतो आणि तुळशीबरोबर रोज तांब्याभर पाणी घालतो. कापसाला उत्तम असलेल्या त्या मातीत या मुळांचा श्वास कोंडतो. माझ्या पाहण्यात उन्हापेक्षा लाडानं मेलेली झाडंच जास्त आहेत.

या झाडाला पारदर्शक कुंडी द्यावी, कारण पाणी कधी घालायचं ते मुळंच सांगतात. कोरडं मूळ चंदेरी-राखाडी दिसतं. पाणी पडताच त्यावरचं स्पंजासारखं आवरण ते शोषून घेतं आणि पाहता पाहता मूळ हिरवं होतं. मुळं चंदेरी झाली, कुंडी हाताला हलकी लागली, की पाणी द्यायचं. उन्हाळ्यात तीन-चार दिवसांनी, पावसाळ्यात आठ-दहा दिवसांनी. मातीऐवजी पाइनच्या सालीचे किंवा नारळाच्या सोडणाचे तुकडे आणि थोडा लाकडी कोळसा घाला. पानांच्या पोंग्यात पाणी साचलं तर कापसानं टिपून घ्या, सड तिथूनच लागते.

पाणी कोणतं, यानंही फरक पडतो. इथून जवळच्या ‘बाग’ या गावचे खत्री कारागीर छापलेलं कापड नदीच्या वाहत्या पाण्यात धुतात, कारण रंग पाण्यावर खुलतो हे त्यांना ठाऊक आहे. आमच्या बोअरचं पाणी जड, त्यानं मुळांवर पांढरा थर धरतो. म्हणून मी पावसाचं पाणी पिंपात साठवते.

उन्हाळ्यात एसीपेक्षा आपला साधा कूलर बरा. एसी हवा कोरडी करतो, कूलर तिच्यात ओलावा सोडतो. कूलरच्या खोलीत, पण थेट झोताबाहेर, पूर्वेच्या खिडकीशी पातळ पडद्याआड कुंडी ठेवा. दुपारचं ऊन पानांवर पडू देऊ नका, पानं भाजतात.

‘झाड जगलं, पण फुलत नाही,’ ही दुसरी तक्रार. त्याचं कारण बहुतेक वेळा रात्रीची उष्णता असते. पारा सतत २८ अंशांच्या वर राहिला तर पानंच येत राहतात. दिवाळीनंतर रात्री गार होऊ लागल्या की खिडकी उघडी ठेवा. रात्रीचा पारा १६-१८ अंशांपर्यंत उतरत राहिला, की काही आठवड्यांत पानाच्या बगलेतून कोंब डोकावतो. टोक गोल असेल तर ते मूळ. किंचित चपटं आणि वर वळलेलं असेल तर तो फुलांचा दांडा. त्याला कळ्या धरून फुलं उमलायला साधारण तीन महिने लागतात.

घरातलं ऑर्किड असं निरखणाऱ्याला बाहेरचंही दिसू लागतं. मध्य भारतात आंबा, मोह अशा जुन्या झाडांवर व्हँडा टेसेलाटा नावाचं आपलं देशी ऑर्किड वाढतं. पिवळसर-तपकिरी, चौकटीची नक्षी असलेलं, सुगंधी. वैद्यकात काही भागांत तेच रास्ना म्हणून वापरतात. लोक बांडगूळ समजून ते ओरबाडून टाकतात. ते आश्रयदात्याचा रस शोषत नाही, नुसता आधार घेतं. ते घरी आणायलाही तोडू नका, झाडावरच राहू द्या.

कुंडी विकणाऱ्यांना माझी विनंती आहे: चकचकीत कागदाबरोबर चार ओळींची सूचना द्या, ग्राहकाला वाचता येईल अशा हिंदीत किंवा मराठीत. आणि कुंडी मिळालेल्यांनो, शेवटचं फूल गळलं की वाळलेला दांडा कापा आणि पानं-मुळं तपासा. पानं टणक आणि मुळं घट्ट असतील तर झाड जिवंत आहे. तुम्हाला सांभाळायला जमणार नसेल तर हौशी शेजाऱ्याला द्या, पण कचऱ्यात टाकू नका.