नावाच्या वर आणि नावाच्या खाली

ऑगस्ट विल्सन यांच्या ‘फेन्सेस’ या नाटकातील रोझ मॅक्सन ही प्रमुख व्यक्तिरेखा आहे की साहाय्यक? प्रश्न परीक्षेतला वाटेल. पण त्याची उत्तरे पुरस्कार देणाऱ्यांनी आधीच देऊन ठेवली आहेत, आणि ती परस्परविरोधी आहेत. १९८७ साली ब्रॉडवेवरील मूळ प्रयोगात रोझची भूमिका करणाऱ्या मेरी अ‍ॅलिस यांना टोनी पुरस्कार मिळाला, तो साहाय्यक अभिनेत्रीचा. २०१० साली नाटक ब्रॉडवेवर पुन्हा आले तेव्हा तीच भूमिका करणाऱ्या व्हायोला डेव्हिस यांना टोनी मिळाला, तो प्रमुख अभिनेत्रीचा. पुढे २०१६ मध्ये नाटकाचा चित्रपट झाला आणि त्याच भूमिकेसाठी त्याच डेव्हिसबाईंना २०१७ साली ऑस्कर मिळाले, ते पुन्हा साहाय्यक अभिनेत्रीचे. रोझच्या नवऱ्याच्या, ट्रॉयच्या बाबतीत मात्र असा घोळ कधीच झाला नाही. १९८७ साली जेम्स अर्ल जोन्स आणि २०१० साली डेन्झेल वॉशिंग्टन, दोघेही निःसंशय ‘प्रमुख’. नवरा कायम प्रमुख. बायको कधी प्रमुख, कधी साहाय्यक.

नाट्यसंहिता एकच असताना हे घडते कसे? उत्तर नाटकात नाही, जाहिरातीत आहे. टोनीच्या नियमांनुसार ज्या नटाचे नाव नाटकाच्या नावाच्या वर छापले जाते तो प्रमुख गटात, आणि ज्याचे नाव खाली छापले जाते तो ‘फीचर्ड’, म्हणजे आपल्या भाषेत साहाय्यक गटात. व्यवस्थापन समितीला यात फेरबदल करता येतो आणि ती तो करतेही. पण प्रारंभबिंदू ठरतो तो छापील नामावलीचा. ही नामावली कोण ठरवतो? निर्माता, नटाचा प्रतिनिधी आणि त्यांच्यातला करार. आपल्याकडील व्यावसायिक नाटकांच्या जाहिरातींत नावांचा क्रम, अक्षरांचा आकार आणि शेवटच्या नावाआधीचे ते ‘आणि’ यांवरून किती मानापमान होतात, हे ज्यांना ठाऊक आहे त्यांना याचे नवल वाटणार नाही. नवल याचे वाटावे, की अशा व्यवहारातून निघालेला शब्द आपण समीक्षेचा शब्द म्हणून बिनदिक्कत वापरतो.

यावर नेहमीचा आक्षेप असा, की ही केवळ प्रशासकीय सोय आहे. कुठेतरी रेघ ओढावीच लागते. मान्य. पण रेघ कोणाच्या अंगणातून जाते हेही पाहायला हवे. ‘फेन्सेस’ पुन्हा वाचा. ट्रॉय बोलतो, गर्जतो, स्वतःच्या आयुष्याच्या दंतकथा रचतो. नाटकाचा आवाज त्याचा आहे. पण नाटकाचा निर्णय रोझचा आहे. नवऱ्याच्या परस्त्रीसंबंधातून जन्मलेली, आई बाळंतपणात गमावलेली मुलगी ती पदरात घेते, आणि त्याच क्षणी पत्नीपणाचे दार त्याच्यापुरते बंद करते. शेवटच्या प्रवेशात ट्रॉय हयात नाही. बापाच्या अंत्यविधीला जायचे नाही म्हणणाऱ्या मुलाला वारशाचा अर्थ समजावते ती रोझ. आता, जो अधिक बोलतो तो प्रमुख, की ज्याच्या निर्णयाने नाटकाची दिशा बदलते तो? ॲरिस्टॉटलपासून चालत आलेला हा वाद आहे. त्याचा निकाल भित्तिपत्रकाने लावावा, ही नामुष्की आहे.

याहून मासलेवाईक उदाहरण २०१७ सालचे. लिलियन हेलमन यांच्या ‘द लिटल फॉक्सेस’मध्ये लॉरा लिनी आणि सिंथिया निक्सन या दोघी भूमिका आलटून पालटून करीत होत्या. एका प्रयोगात लिनी धूर्त, महत्त्वाकांक्षी रजायना आणि निक्सन दबलेली, चुरगळलेली बर्डी. दुसऱ्या प्रयोगात उलट. या प्रयोगाचे सारे मर्मच या अदलाबदलीत होते: छळणारी आणि छळली जाणारी या एकाच घराने घडवलेल्या दोन शक्यता आहेत, हे प्रेक्षकाला दिसत होते. पुरस्काराच्या चौकटीला हे पेलले नाही. लिनी यांचा विचार रजायनासाठी प्रमुख गटात झाला, निक्सन यांचा बर्डीसाठी साहाय्यक गटात. निक्सन यांना पुरस्कार मिळालाही, पण अर्ध्या कामाचा. त्यांची रजायना आणि लिनी यांची बर्डी पुरस्काराच्या इतिहासात जणू घडल्याच नाहीत.

मग निर्विवाद ‘प्रमुख’ स्त्री कोणती? यादी चाळली की दोन प्रकार ठळकपणे दिसतात. पहिला, जिच्यापुढे नाटकातील इतर सगळे फिके पडतात ती. युरिपिडीसच्या मेडिआने तीन अभिनेत्रींना हा पुरस्कार मिळवून दिला आहे: १९४८ साली ज्युडिथ अँडरसन, १९८२ साली झोई कॉल्डवेल आणि १९९४ साली डायना रिग. १९८२च्या प्रयोगात अँडरसन याच दाईच्या भूमिकेत होत्या आणि त्यांना नामांकन मिळाले ते अर्थातच साहाय्यक गटात. दुसरा प्रकार, जी रंगमंचावर एकटीच असते ती. १९७७ साली ज्युली हॅरिस यांना ‘द बेल ऑफ ॲम्हर्स्ट’मधील एमिली डिकिन्सनसाठी पाचव्यांदा हा पुरस्कार मिळाला, तो एकपात्री प्रयोगासाठी. २०२२ साली डीअर्ड्रे ओकॉनेल, २०२३ साली जोडी कोमर आणि २०२५ साली सेरा स्नूक. चार वर्षांतील तीन पुरस्कार एकट्या अभिनेत्रीने पेललेल्या नाटकांना मिळाले. यांतील एकीच्याही गुणवत्तेविषयी मला शंका नाही. संपूर्ण नाटकभर ध्वनिमुद्रित आवाजाबरहुकूम ओठ हलवून अभिनय उभा करणाऱ्या ओकॉनेल यांना गौरवणे हे तर धाडसाचेच होते. पण यादीवरून जो निष्कर्ष खुणावतो तो अस्वस्थ करणारा आहे: स्त्रीचे प्रमुखपण वादातीत ठरायचे असेल, तर तिच्यासोबत रंगमंचावर दुसरे कोणी नसलेले बरे!

अलीकडे या पुरस्कारातील दुसऱ्या शब्दावर, म्हणजे ‘अभिनेत्री’ या शब्दावर, बरीच चर्चा होते. स्त्री-पुरुष असे वेगळे गट ठेवल्याने या दोन्हींत न बसणाऱ्या कलावंतांना जागा उरत नाही, हा मुद्दा रास्त आहे. २०२३ पासून न्यूयॉर्कच्या ड्रामा डेस्क पुरस्कारांनी हे लिंगाधारित गट रद्द केले. टोनीने तसे केलेले नाही. परंतु ड्रामा डेस्कने काय ठेवले हेही पाहा: लिंगभेद गेला, ‘प्रमुख’ आणि ‘साहाय्यक’ हा भेद राहिला. म्हणजे जो शब्द नामावलीच्या व्यवहारातून आला तो सुधारकांनाही खटकला नाही. उद्या टोनीने हेच केले तर ट्रॉय आणि रोझ एका गटात येतील, असे आपण समजू. प्रत्यक्षात ट्रॉय वर राहील आणि रोझ पुन्हा खालच्या गटात ढकलली जाण्याची भीतीच अधिक.

पुरस्कार निरर्थक आहे, असे मी म्हणत नाही. १९४७ साली सुरू झालेला हा पुरस्कार कृष्णवर्णीय अभिनेत्रीला प्रथम मिळाला तो २००४ साली, ‘अ रेझिन इन द सन’मधील आईच्या भूमिकेसाठी फिलिशिया रशाद यांना. सत्तावन्न वर्षांची ती यादी अमेरिकी रंगभूमीने कोणाला ‘प्रमुख’ मानले याचा दस्तऐवज म्हणून अमोल आहे. ज्यांच्या नावाने पुरस्कार दिला जातो त्या अँटोनेट पेरी अभिनेत्री होत्या आणि दिग्दर्शिकाही. ‘हार्वे’ त्यांनीच बसवले. तरीही दिग्दर्शनाचा टोनी स्त्रियांना पहिल्यांदा मिळाला तो १९९८ साली. दस्तऐवज वाचायचा असतो तो असा, त्याच्या मौनासकट.

माझे भांडण टोनीशी कमी आणि आपल्या वर्गांशी अधिक आहे. अमेरिकी नाटकावरील प्रबंधिकांत ‘या भूमिकेस पुरस्कार लाभला, यावरून तिचे महत्त्व सिद्ध होते’ अशा अर्थाची वाक्ये येतात आणि आपण शिक्षक त्यांच्यावर बरोबरची खूण करतो. त्याच तर्काने १९८७ साली रोझचे महत्त्व कमी होते आणि २०१० साली वाढले, असे म्हणावे लागेल. भूमिका तीच, संवाद तेच, अंगणातले अर्धवट कुंपणही तेच. बदलला तो फक्त रकाना.

तेव्हा पुढच्या वेळी कोणी विद्यार्थी पुरस्काराचा दाखला घेऊन आला, तर त्याला एवढेच विचारावे: नाव वर होते की खाली, हे तू सांगितलेस, आता नाटकात काय आहे ते सांग.