चोर सोडून संन्याशाला फाशी

परवा ऑफिसात जेवताना नेहमीचा विषय निघाला. रोजगार हमी म्हणजे नुसती खाबूगिरी, बंद करून टाका एकदाची! एक मित्र तर म्हणाला, "बंगालमध्ये केंद्राने पैसे थांबवले ते बरंच केलं." सगळ्यांनी माना डोलावल्या. मीही गप्प बसलो. मग रात्री ते प्रकरण वाचून काढलं, आणि आता गप्प बसवत नाही.

झालं ते असं. ९ मार्च २०२२ रोजी केंद्राने नरेगा कायद्याच्या कलम २७ खाली पश्चिम बंगालचा निधी थांबवला. आरोप होते बोगस जॉब कार्डांचे, पैशांच्या अफरातफरीचे. कोलकाता उच्च न्यायालयात याचिका गेल्या. काहींची मागणी होती की या घोटाळ्याची चौकशी करा. शेतमजुरांच्या संघटनेचं म्हणणं होतं, चौकशी खुशाल करा, पण घाम गाळलेल्यांची मजुरी द्या आणि काम सुरू करा.

आता मला सांगा, या दोन मागण्यांत भांडण कुठे आहे? पण तीन वर्षं सगळं असं चाललं, की जणू चोर पकडायचा तर मजुराला उपाशी ठेवलंच पाहिजे!

घोटाळा झालाच नाही असं मी म्हणत नाही. न्यायालयासमोर चार जिल्ह्यांतले गैरप्रकार आलेही. पण राज्यात जिल्हे तेवीस! आपल्या भाषेत बोलायचं तर एका मॉड्यूलमध्ये बग सापडला म्हणून कोणी अख्खा प्रॉडक्शन सर्व्हर तीन वर्षं बंद ठेवतं का? ठेवलाच तर नोकरी कोणाची जाईल, बग लिहिणाऱ्याची की बिचाऱ्या युजरची? इथे युजरची गेली.

बरं, कलम २७ तरी काय सांगतं? तक्रार आली तर चौकशी करा, गरज पडली तर निधी थांबवा, आणि वाजवी मुदतीत कारभार सुधारा. हे शेवटचं वाक्य सोयीस्करपणे विसरलं गेलं. त्याच कायद्यात मजुरी पंधरा दिवसांत द्यायची असंही लिहिलंय. राज्य सरकारने थकलेली मजुरी स्वतःच्या तिजोरीतून दिली, तीही २०२४ उजाडल्यावर. तोवर केंद्र राज्याकडे बोट दाखवत होतं आणि राज्य केंद्राकडे. किराणा दुकानदार काही बोट बघून उधारी देत नाही.

शेवटी १८ जून २०२५ रोजी उच्च न्यायालयाने सांगितलं, १ ऑगस्टपासून योजना सुरू करा, गैरप्रकार टाळायला हव्या त्या अटी घाला, चौकशीही चालू ठेवा. केंद्र सर्वोच्च न्यायालयात गेलं. २७ ऑक्टोबर २०२५ रोजी तिथेही अपील फेटाळलं गेलं. म्हणजे एवढी साधी गोष्ट पटवायला साडेतीन वर्षं लागली! आणि डिसेंबर २०२५ मध्ये संसदेने नरेगाच्या जागी नवाच कायदा मंजूर केला. हमीचे दिवस १०० चे १२५ झाले. छान. पण चोरी एकाची आणि उपास दुसऱ्याला हेच चालणार असेल, तर दिवस १२५ करा नाहीतर ३६५.

आपला काय संबंध? जरा सॅलरी स्लिप काढून बघा. प्रोफेशनल टॅक्स, दरमहा २०० रुपये, फेब्रुवारीत ३००. महाराष्ट्रात १९७५ साली हा कर आला तोच मुळी रोजगार हमीला पैसा उभा करायला. ७२ च्या दुष्काळात खडी फोडणाऱ्यांपासून ही योजना उभी राहिली आणि पुढे देशाने उचलली. तेव्हा "आमच्या टॅक्सचे पैसे" असं म्हणायचा हक्क आपल्याला नक्की आहे. त्या हक्काने हिशोब मागा, मस्टर तपासा, चोरावर गुन्हा दाखल करा, वसुली करा. पण ज्याने खड्डा खणलाय त्याची मजुरी अडवायचा हक्क त्यात येत नाही.

असो. सोमवारी जेवताना हे सगळं ऐकवणार आहे. डबा एकट्याला खावा लागला तरी चालेल.