काळ बदलणारी गिल्ड मुंबईत होऊन गेली

फँटसी कादंबऱ्या, अ‍ॅनिमे आणि गेम यांत एक गिल्ड हमखास असते. जादूगारांची, चोरांची, नाहीतर भाडोत्री लढवय्यांची. तिच्या तळघरात एक यंत्र असतं. किल्ली फिरवली की काळ थांबतो, मागे सरकतो, जास्तीचा एक तास हाती येतो. मी हे सगळं आवडीने वाचतो आणि खेळतो. तरी माझा या यंत्रावर राग आहे. कारण त्याने आपल्या डोक्यात एक चुकीची कल्पना घट्ट बसवली आहे. वेळ पुरत नाही ही ज्याची त्याची खासगी अडचण, आणि तिच्यावर उपाय म्हणजे एखादं भारी उपकरण!

सगळ्यांना माहीत असलेलं उदाहरण घेऊ. हॅरी पॉटरच्या तिसऱ्या पुस्तकात हर्मायनीला टाइम-टर्नर मिळतो. शेवटी त्याच्यामुळे दोन जीव वाचतात, हे मान्य. पण तिला तो दिला जातो कशासाठी? एकाच वेळी असलेल्या अनेक तासांना बसता यावं म्हणून. जगातली अद्भुत वस्तू हातात आली आणि पोरीच्या वाट्याला आले जादा पिरियड. वर्षअखेर ती इतकी दमते की यंत्रच परत करून टाकते.

मला यात नवल वाटत नाही. मी आचोळ्यात राहतो आणि लोअर परळला, जुन्या गिरणीच्या जागेवर उभ्या राहिलेल्या एका काचेच्या इमारतीत कोड लिहितो. शेअर रिक्षा, नालासोपाऱ्याहून लोकल, दादरला बदली, मग पायी. जाऊन-येऊन चार तास. महिन्याचे वीस दिवस धरले तर 80 तास. म्हणजे चाळीस तासांचे दोन आठवडे मी फुकट उभा असतो.

आणि माझं काम काय, तर लोकांचा वेळ वाचवणारं सॉफ्टवेअर बनवणं! पूर्वी दोन दिवस खाणारं काम नव्या साधनांमुळे आता अर्ध्या दिवसात उरकतं. उरलेला दीड दिवस माझ्याकडे आला का? नाही. स्प्रिंटमध्ये आणखी तिकिटं आली. यंत्राने वेळ वाचतो, यात शंका नाही. प्रश्न एवढाच की तो वाचलेला वेळ जातो कोणाच्या खिशात.

हा प्रश्न मी उकरून काढलेला नाही. कालयंत्राला ‘टाइम मशीन’ हे नाव रूढ करणारी एच. जी. वेल्सची कादंबरी 1895 ची. तिचा नायक लाखो वर्षं पुढे जातो आणि त्याला काय दिसतं? वर उन्हात बागडणारे एलॉय आणि जमिनीखाली यंत्रं चालवणारे मॉरलॉक. वेल्सला मालक आणि मजूर यांच्यातली दरी दाखवायची होती. नंतरच्या बहुतेक फँटसीने यंत्र तेवढं उचललं आणि दरी सोडून दिली.

आता खरी गिल्ड पाहा. त्या काळी मुंबईच्या गिरण्या साधारण सूर्योदयापासून सूर्यास्तापर्यंत चालत. उन्हाळ्यात दिवस लांबला की कामही लांबायचं, आणि आठवड्याची ठरलेली सुट्टी नव्हती. 1884 मध्ये सत्यशोधक नारायण मेघाजी लोखंडे यांनी परळला कामगारांच्या सभा घेतल्या. साडेपाच हजार सह्यांच्या निवेदनात मागण्या साध्या होत्या: रविवारी सुट्टी, दुपारी अर्धा तास विश्रांती, वेळेवर पगार. ‘बॉम्बे मिलहँड्स असोसिएशन’ उभी राहिली. सहा वर्षं रेटल्यावर 1890 मध्ये गिरणीमालकांनी रविवारची सुट्टी मान्य केली.

सात दिवसांतला एक अख्खा दिवस मालकाच्या हातून सुटून कामगारांच्या घरी आला. काळ बदलणं याहून वेगळं काय असतं? तळघर नव्हतं, किल्ली नव्हती. सह्या होत्या, आणि अंगठेही.

कोणी म्हणेल, एसीत बसून गिरणी कामगारांशी तुलना कसली करतोस? तुलना हालांची नाहीच. त्यांचे हाल मला झेपलेही नसते. पण 2023 मध्ये नारायण मूर्ती तरुणांना आठवड्याला 70 तास काम करायला सांगतात, तेव्हा वाद पुन्हा त्याच तासांवर येतो. 2018 मध्ये सुप्रिया सुळे यांनी कामाच्या वेळेनंतर फोन-ईमेलला उत्तर न देण्याचा हक्क देणारं खासगी विधेयक लोकसभेत मांडलं होतं. त्याचा कायदा झाला नाही. आपण त्यावर मीम शेअर केले आणि रात्री अकराच्या कॉलला जॉइन झालो.

आपण पोमोडोरो टायमर लावतो, पॉडकास्ट दीडपट वेगाने ऐकतो, पहाटे पाचला उठायचे व्हिडिओ बघतो. हे सगळे आपापले खासगी टाइम-टर्नर. त्यांतून सुटलेला प्रत्येक तास दुसऱ्या दिवशी कामातच जमा होतो, कारण तो अडवायला आपण एकटेच उभे असतो.

म्हणून यंत्र शोधणं थांबवा आणि गिल्ड शोधा. सुरुवात छोटी चालेल. टीममधल्या पाच जणांनी मिळून एका ईमेलखाली नावं घालावीत: संध्याकाळी साडेसातनंतर मीटिंग नाही, आणि आठवड्यातले दोन दिवस काम घरून. एकट्याने पाठवलेली अशी ईमेल म्हणजे तक्रार. पाच जणांनी पाठवली तर तिला उत्तर द्यावंच लागतं.