हार्पसिकॉर्डला परका म्हणणाऱ्यांस

आयरिश संगीतकार शॉन ओ रिआडाने 1960च्या दशकात आयर्लंडच्या लोकसंगीतात हार्पसिकॉर्ड आणला, हा त्या संगीतावर अत्याचार होता, असे एका समीक्षकाने नुकतेच आवेशाने मांडले आहे. वाद्य दरबारी, वादन पंडिती, म्हणून त्याने पुढे रचलेले उपासनासंगीतही उसने! आक्षेपाचा सगळा भार 'परके वाद्य' या शब्दांवर आहे आणि तिथेच तो कोसळतो. आयर्लंडची जुनी हार्प धातूच्या तारांची होती. ती वाढवलेल्या नखांनी छेडत. 1792 साली बेलफास्टला हार्पवादक जमले तेव्हा तसे वाजवणारा डेनिस हेम्पसन हा नव्वदी ओलांडलेला म्हातारा तेवढा उरला होता. एकोणिसाव्या शतकात आतड्याच्या तारांची, मऊ आवाजाची हार्प रूढ झाली आणि आज तीच अस्सल म्हणून मिरवली जाते. मग जुना हार्पवादक टर्लो ओकॅरोलन (1670–1738) याच्या रचनांचा मूळ झणत्कार आणायचा कुठून? पियानोत हातोडी तारेवर आदळते. हार्पसिकॉर्डमध्ये कळ दाबली की आतली नखी धातूची तार छेडते. ओ रिआडाची निवड जुन्या हार्पशी असलेल्या या नात्यावर उभी होती. नाचाला साथ करणाऱ्या बँडांतल्या पियानोवर त्याने 1962च्या रेडिओ व्याख्यानांत टीका केली, पण तो पियानो या समीक्षकाला कधी खुपला नाही. परकेपणाचा न्याय असा सोयीने लावायचा नसतो.

आपल्याकडे पेटीवरही हेच बालंट आले. 1940 साली रेडिओने तिला दार बंद केले. कीर्तनाने मात्र तिला सोडले नाही. त्या वादात निदान एक खरा मुद्दा होता: पेटीतून मींड निघत नाही. हार्पसिकॉर्डमधूनही निघत नाही. पण त्याचा स्वर लगेच विरतो, म्हणून फिडल आणि पाइप्सच्या मुरक्या त्याखाली दबत नाहीत. पंडितीचे म्हणाल, तर खुद्द ओकॅरोलनच्या रचनांतच इटालियन वळणे ऐकू येतात.

राहिले उपासनासंगीत. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने कॅथलिक उपासनेत लोकभाषेला वाट करून दिल्यावर ओ रिआडाने कॉर्क परगण्यातल्या कूल ए या आयरिशभाषक गावात मिस्साला आयरिश चाली दिल्या. पांडित्य दाखवायची ही मोठी संधी होती. त्याने मात्र गावच्या जुन्या गायकीच्या वळणाच्या, साध्या भक्तांना एका सुरात म्हणता येतील अशा चाली रचल्या. ज्याला लोकांचा गळा इतका कळला, त्याचा कान वाद्य निवडतानाच बहिरा झाला, हे मानायला मी तयार नाही. 1971 साली, वयाच्या चाळिसाव्या वर्षी तो गेला. त्याने गावात उभा केलेला गायकवृंद पुढे त्याच्या मुलाने चालवला.