तांबूस कातडीवर भरवसा नको

सणावाराला परसात निखाऱ्यांवर, धुरावर कोंबडी भाजण्याची हौस आता घरोघरी दिसते. हौसेला आमची हरकत नाही, पण घाई आम्हांस धोक्याची वाटते. धुराने कातडी लवकर तांबूस होते. मांडीच्या हाडाजवळ मांस मात्र कच्चे राहू शकते. त्यातील साल्मोनेला जंतूंचा त्रास लेकरांना व म्हाताऱ्यांना अधिक होतो. लिंबू किंवा व्हिनेगर चोळल्याने ते हमखास मरतात, हा समज चुकीचा आहे. आतले मांस ७४ अंश सेल्सिअसपर्यंत तापलेच पाहिजे. चार घरांनी मिळून मांसाचा एक तापमापक घ्यावा. वरून लावायचा घरचा सॉस आधीच वेगळा काढावा. कच्च्या कोंबडीचा मसाला उकळल्याशिवाय वापरू नये. पाहुणे अर्धा तास थांबले तरी चालेल. जेवून गेलेले मूल आजारी पडता कामा नये.